लिव्ह उलमन: सारखे विचारले जाणारे प्रश्न आणि जमतील तशी उत्तरं

ही नक्की कोण? दोन ओळींत सांगा.

नॉर्वेची नटी, लेखिका आणि डिरेक्टर. जन्म १६ डिसेंबर १९३८. जगभर नाव झालं ते स्वीडिश सिनेमांमुळे, त्यातही इंगमार बर्गमन या स्वीडिश डिरेक्टरच्या. पुढे ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या बड्या व्यावसायिक रंगभूमीवर, नाटकं केली, पुस्तकं लिहिली, स्वतः सिनेमे काढले, युनिसेफसाठी फिरली. बहुतेक लेखांत तिची ओळख "बर्गमनची म्यूझ" (म्हणजे त्याची प्रेरणा) एवढ्यावरच उरकतात आणि मला त्याचाच राग येतो, म्हणून हे सगळं जरा सविस्तर लिहितोय.

जन्म टोकियोत झाला म्हणतात, मग ती नॉर्वेची कशी?

आईवडील दोघंही नॉर्वेजियन. वडील इंजिनियर होते आणि कामानिमित्त जपानमध्ये होते, म्हणून जन्म टोकियोत. तिच्या पहिल्या पुस्तकाची सुरुवातच या हॉस्पिटलात होते. आईच्या आठवणीत त्या दिवसाच्या दोनच गोष्टी राहिल्या होत्या. एक म्हणजे फरशीवरून पळालेला उंदीर, जो तिने शुभशकुन मानला, आणि दुसरी म्हणजे वाकून अगदी दिलगिरीच्या सुरात कानाशी कुजबुजणारी नर्स, की मुलगी झालीये हो, नवऱ्याला तुम्हीच सांगता का? आता हे वाचून आपल्याकडच्या कुठल्याही बाईला जपान काही लांबचं वाटायचं नाही.

पुढे महायुद्ध पेटलं, नॉर्वेवर जर्मनांनी कब्जा केला, आणि हे कुटुंब कॅनडात टोरांटोला गेलं. तिथे नॉर्वेच्या हवाई दलाचा ट्रेनिंग कॅम्प होता, त्याला "लिटल नॉर्वे" म्हणायचे, वडील त्यात होते. तिथे विमानाच्या पंख्याचा जबर मार लागला आणि पुढे ते आजारपणातच गेले. लिव्ह तेव्हा जेमतेम सहा वर्षांची. इकडे नॉर्वेत आजोबांना नाझींनी पकडून डाखाउच्या छळछावणीत टाकलं होतं, तेही तिथेच गेले. युद्ध संपल्यावर आई दोन मुलींना घेऊन परत आली आणि लिव्ह ट्रॉनहाइममध्ये वाढली. म्हणजे बघा, शाळेत जायच्या वयापर्यंत तीन खंड बघून झाले होते आणि ज्या देशाची म्हणून ती ओळखली जाते तोच देश सगळ्यात शेवटी बघितला.

वडील नसणं ही गोष्ट तिच्या लिखाणात पुन्हा पुन्हा येते. लहानपणी तिने वडिलांची एक मनातली मूर्तीच बनवून ठेवली होती आणि मोठेपणी भेटलेल्या पुरुषांत ती तेच शोधत राहिली असं ती स्वतःच लिहिते, आपण वेगळं मानसशास्त्र लावायची गरज नाही.

अ‍ॅक्टिंग शिकली कुठे?

ऑस्लोच्या नाट्यशाळेने घेतलं नाही. मग लंडनला जाऊन थोडं शिकली, आणि परत येऊन स्टावांगर नावाच्या गावातल्या थिएटरमध्ये लागली. तिथला पहिला मोठा रोल ॲन फ्रँकचा. त्यानंतर ऑस्लोत मोठ्या थिएटरांमध्ये कामं मिळत गेली. म्हणजे आधी पक्की रंगभूमीवरची नटी, सिनेमा नंतर. नॉर्वेत सिनेमे तसेही कमीच बनायचे त्या काळी.

बर्गमन कसा भेटला?

रस्त्यात. खरंच रस्त्यात, स्टॉकहोममध्ये. बीबी अँडरसन ही स्वीडिश नटी तिची मैत्रीण, दोघींनी १९६२ साली एका सिनेमात एकत्र काम केलं होतं. बीबी बर्गमनच्या सिनेमांत आधीपासून होती. दोघी चालल्या होत्या, समोरून बर्गमन आला, बीबीने ओळख करून दिली. पुढे त्याने दोघींचा एकत्र फोटो बघितला आणि त्यांचे चेहरे एकमेकींसारखे आहेत हे त्याच्या डोक्यात बसलं. मग तो न्यूमोनियाने हॉस्पिटलात पडला आणि तिथे पडल्या पडल्या 'पर्सोना' लिहिला.

१९६५ च्या उन्हाळ्यात शूटिंग झालं तेव्हा ती २६ वर्षांची होती आणि तो ४७ चा होत होता. स्वीडनमध्ये त्याचं केवढं नाव झालेलं, आणि तिला शेजारच्या नॉर्वेबाहेर कुणी ओळखत नव्हतं.

'पर्सोना' बघितला, काहीही कळलं नाही. माझं चुकतंय का?

नाही हो. तो पहिल्या फटक्यात कळला असं म्हणणारा माणूस बहुधा फेकत असतो.

गोष्ट एवढीच की एलिसाबेट व्होग्लर नावाची नटी नाटकाचा प्रयोग चालू असताना मध्येच गप्प होते आणि मग बोलायचंच सोडते. आजार काही नाही, ठरवून गप्प. तिला नर्स आल्माबरोबर समुद्राकाठच्या घरात पाठवतात. आल्मा म्हणजे बीबी अँडरसन, ती बोलत राहते, बोलत राहते, आपली सगळ्यात लपवलेली गोष्टसुद्धा सांगून बसते, आणि समोरची बाई नुसती ऐकते. ही ऐकणारी म्हणजे लिव्ह. अख्ख्या सिनेमात तिच्या तोंडी जेमतेम काही शब्द.

दुसऱ्यांदा बघाल तेव्हा एक करा, बोलणाऱ्या बीबीकडे न बघता लिव्हच्या ओठांकडे बघा. आल्मा सांगत असते तेव्हा लिव्हचा चेहरा आधी मायेचा वाटतो, मग उत्सुक, मग त्यात कुठेतरी आपल्या कामासाठी माल मिळाल्याचा आनंद दिसायला लागतो, आणि हे सगळं भुवईसुद्धा न हलवता. पुढे एलिसाबेटने तिच्याबद्दल लिहिलेलं पत्र आल्माच्या हाती लागतं तेव्हा आपल्याला धक्का बसत नाही, कारण चेहऱ्याने आधीच चुगली केलेली असते.

आणि तो प्रसिद्ध शॉट, दोघींचे अर्धे अर्धे चेहरे जोडून एक चेहरा केलेला, त्याबद्दल दोघींना काहीच सांगितलं नव्हतं. एडिटिंगच्या मशीनवर पहिल्यांदा बघितलं तेव्हा दोघींपैकी कुणालाच आपला चेहरा ओळखू आला नाही, जी ती दुसरीचंच कौतुक करत होती.

त्यांचं लग्न झालं होतं का?

एकमेकांशी नाही. भेटले तेव्हा दोघंही विवाहित होते, तिचा नवरा नॉर्वेचा मानसोपचार डॉक्टर, बर्गमनची तेव्हाची बायको काबी लारेताइ ही पियानिस्ट. ऑगस्ट १९६६ मध्ये लिव्ह आणि बर्गमनला मुलगी झाली, लिन. साठच्या दशकातला स्कँडिनेव्हिया फार मोकळाढाकळा होता असा आपला समज असतो, पण लग्नाशिवाय मूल म्हटल्यावर नॉर्वेत पेपरवाल्यांनी आणि लोकांनी तिला सोडलं नाही. त्याला कोणी फारसं काही बोललं नाही. लिन धरून त्याला एकूण नऊ मुलं.

फोरो नावाच्या बेटावर, बाल्टिक समुद्रात गोटलांडच्या उत्तरेला, बर्गमनने घर बांधलं आणि तिथे ते साधारण पाच वर्षं राहिले. तिने या वर्षांबद्दल लिहिलंय ते वाचण्यासारखं आहे, कारण त्यात तक्रारीचा सूर नाही आणि देव्हाऱ्यात बसवणंही नाही. त्याला एकांत हवा असायचा, पाहुणे नकोत, तिने मैत्रिणींना भेटायला जाणंही त्याला जड जायचं, घराभोवती भिंत उभी राहिली. ती पंचविशीतली, माणसात रमणारी बाई. सुरुवातीला तिला हे सगळं प्रेमच वाटलं आणि हळूहळू श्वास कोंडायला लागला. १९७० च्या आसपास वेगळे झाले.

मग वेगळे झाल्यावर परत एकत्र काम कसं केलं?

हाच तर सगळ्यात भारी भाग आहे आणि याच्याकडे लोकांचं लक्षच जात नाही. बर्गमनच्या डिरेक्शनखाली तिने दहा सिनेमे केले. त्यातले पहिले चार एकत्र असताना, म्हणजे 'पर्सोना', 'अवर ऑफ द वुल्फ', 'शेम' आणि 'द पॅशन ऑफ ॲना'. उरलेले सहा वेगळे झाल्यानंतरचे! 'क्राइज अँड व्हिस्पर्स', 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज', 'फेस टू फेस', 'द सर्पंट्स एग', 'ऑटम सोनाटा', आणि एकदम २००३ मध्ये 'सारबांद'. मला विचाराल तर तिचं अधिक चांगलं काम या दुसऱ्या सहांमध्ये आहे. पहिल्या चारांत तो तिच्याकडे बघतोय हे जाणवतं, नंतरच्यांत दोघं मिळून तिसऱ्याच कुणाकडे तरी बघताहेत असं वाटतं.

'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' ही मुळात स्वीडिश टीव्हीवरची सहा भागांची मालिका, १९७३ ची. ती मारियाने, घटस्फोटाच्या केसेस चालवणारी वकील, आणि एर्लांड योसेफसन तिचा नवरा योहान. नवरा एका रात्री घरी येतो आणि सांगतो की मी दुसऱ्या बाईच्या प्रेमात आहे, उद्या निघतोय. आणि ही बाई काय करते, तर रडारड नंतर, आधी त्याची बॅग भरायला मदत करते, कपडे काय काय नेणार विचारते. तो सीन मी कितीदा बघितला असेन, दरवेळी चिडचिड होते आणि दरवेळी पटतं. तीस वर्षांनी 'सारबांद'मध्ये हीच दोन पात्रं म्हातारी होऊन भेटतात. तो बर्गमनचा शेवटचा सिनेमा.

ती नॉर्वेजियन, मग स्वीडिशमध्ये कामं कशी केली?

दोन्ही भाषा वेगळ्या पण सख्ख्या शेजारी, मराठी माणसाला कोकणी कळते तितपत किंवा त्याहून जास्तच एकमेकांचं कळतं. पण कळणं वेगळं आणि कॅमेऱ्यासमोर स्वीडिश बाई म्हणून बोलणं वेगळं. बर्गमनकडच्या पहिल्याच रोलमध्ये मुकी राहायला मिळालं ही गंमतच म्हणायची. पुढे मात्र तिने पानंच्या पानं स्वीडिश संवाद म्हटलेत. घर ऑस्लोत, काम स्टॉकहोममध्ये, मग न्यूयॉर्क, पुढे बॉस्टनचा नवरा (१९८५ मध्ये डोनाल्ड साँडर्सशी लग्न, दहा वर्षांनी घटस्फोट, आणि गंमत म्हणजे त्यानंतरही एकत्रच राहिले). स्वीडनमध्ये ती नॉर्वेची, अमेरिकेत ती स्वीडिश समजली जाणारी, आणि नॉर्वेत बरीच वर्षं "ती बाहेर गेलेली".

तिचा सगळ्यात चांगला सिनेमा कुठला?

यावर भांडणं होतील, पण माझं मत 'द एमिग्रंट्स' आणि त्याचा पुढचा भाग 'द न्यू लँड'. हे बर्गमनचे नाहीत, यान त्रोएलचे आहेत, १९७१ आणि १९७२ चे. एकोणिसाव्या शतकातलं, स्वीडनच्या स्मोलांड भागातलं शेतकरी जोडपं, दगडाळ जमीन, दुष्काळ, पोरं, कर्ज, आणि शेवटी जहाजात बसून अमेरिकेत मिनेसोटाला जाणं. मॅक्स फॉन सिडो हा नट झालाय कार्ल ओस्कार, आणि लिव्ह त्याची बायको क्रिस्टिना. क्रिस्टिनाला जायचं नसतं. ती जाते. तिकडे गेल्यावरही तिचं मन परतलेलं नसतं. लिव्ह यात नटी वाटतच नाही, बाळंतपणांनी आणि कष्टांनी थकलेली बाई वाटते, आणि तरी झोपाळ्यावर झोके घेताना मुलगी वाटते. आपल्याकडे दुष्काळात गाव सोडून मुंबईला किंवा ऊसतोडीला गेलेल्या घरांतल्या लोकांनी बघावा असा हा सिनेमा, सबटायटल नसली तरी निम्मा कळेल.

'द एमिग्रंट्स' या एका सिनेमाची ऑस्करमधली कथाही विचित्र आहे. एका वर्षी परदेशी भाषेतल्या सिनेमाचं नामांकन, आणि अमेरिकेत उशिरा लागल्यामुळे पुढच्या वर्षी थेट बेस्ट पिक्चरचं, आणि लिव्हला बेस्ट ॲक्ट्रेसचं.

मग ऑस्कर मिळालं का?

त्या वेळी नाही. १९७३ च्या सोहळ्यात 'कॅबरे'साठी लायझा मिनेलीला मिळालं. 'द एमिग्रंट्स'साठी गोल्डन ग्लोब मात्र लिव्हला मिळालं. दुसरं नामांकन 'फेस टू फेस'चं, तेव्हा फे डनवेला मिळालं. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' आधी टीव्हीवर दाखवली गेली होती म्हणून ऑस्करच्या नियमात बसलीच नाही, नाहीतर कदाचित चित्र वेगळं असतं.

त्याच १९७३ च्या सोहळ्यातली ती क्लिप तुम्ही बघितली असेल, मार्लन ब्रँडोला 'गॉडफादर'साठी ऑस्कर जाहीर होतं आणि त्याच्याऐवजी एक तरुणी स्टेजवर येऊन ते नाकारते. पुतळा हातात धरून बाजूला अवघडून उभे आहेत ना, तो रॉजर मूर, आणि शेजारी लिव्ह उलमन.

शेवटी २०२२ च्या मार्चमध्ये मानद ऑस्कर दिलं, वयाच्या ८३ व्या वर्षी. ते तिच्या हातात द्यायला जॉन लिथगो होता, जो १९७७ मध्ये ब्रॉडवेवर 'ॲना क्रिस्टी' नाटकात तिच्याबरोबर होता.

हॉलिवूडमध्ये का नाही चालली?

वाईट सिनेमे निवडले, सरळ आहे. किंवा त्यांनी तिला वाईट सिनेमांत घातलं. 'द एमिग्रंट्स'नंतर एकदम गवगवा झाला, मासिकांच्या कव्हरवर फोटो, आणि मग 'लॉस्ट होरायझन' नावाचं गाण्यांचं महागडं प्रकरण, ज्यात तिचं गाणंही दुसऱ्याच कुणाच्या आवाजात होतं, आणि ते असं आपटलं की विचारू नका. '४० कॅरट्स'मध्ये चाळिशीतली बाई, तेव्हा तिचं वय ३४. 'द ॲब्डिकेशन'मध्ये स्वीडनची राणी क्रिस्तिना. 'झँडीज ब्राइड' मात्र वाईट नाही, जीन हॅकमनबरोबर, डिरेक्टर परत यान त्रोएलच.

त्या काळाबद्दल ती पुस्तकात मस्त हसत लिहिते, मोठं घर, स्विमिंग पूल, गोड बोलणारी माणसं, आणि आपण त्यात खरंच रमलो होतो हेही लपवत नाही.

नाटकात नोरा केली होती ना?

हो. नॉर्वेचा नाटककार इब्सेन याच्या 'अ डॉल्स हाऊस'मधली, शेवटी नवऱ्याचं घर सोडून जाणारी नोरा तिने नॉर्वेजियनमध्ये केली आणि १९७५ मध्ये न्यूयॉर्कला लिंकन सेंटरमध्ये इंग्लिशमध्येही, तिथे तिला टोनीचं, म्हणजे ब्रॉडवेच्या मोठ्या पुरस्काराचं, नामांकन मिळालं. तिकिटं मिळेनात अशी परिस्थिती. ही नोरा आपल्याला अनोळखी नाही, अनंत काणेकरांनी 'घरकुल' म्हणून ती मराठी रंगभूमीवर आणली होती, आणि त्याही आधी १९३३ मध्ये नाट्यमन्वंतर या नाट्यसंस्थेचं 'आंधळ्यांची शाळा' हे ब्यॉर्न्सन या नॉर्वेच्याच लेखकाच्या नाटकावरून आलेलं. म्हणजे नॉर्वेजियन नाटकाशी आपली जुनी सोयरीक आहे.

लिव्हची नोरा हा नुसता बंडखोरीचा झेंडा नव्हता. तिचं म्हणणं असं की नोरा पहिल्या अंकात मूर्ख नसते, ती सगळ्यांना हवी तशी वागत असते, आणि शेवटी दार लावून जाताना ती घाबरलेलीही असते. हे फोरोचं घर सोडून आलेल्या बाईने म्हटलंय, हे विसरू नका.

ब्रॉडवेवर पुढे 'आय रिमेंबर ममा' हे म्युझिकलही केलं, १९७९ ला, यात स्वतः गायली. रिचर्ड रॉजर्सचं ते शेवटचं म्युझिकल. फक्त १०८ प्रयोग झाले. गाणं हा तिचा प्रांत नव्हता, पण हौस होती.

लेखिका म्हणून कितपत सिरियसली घ्यायचं? नट्यांची पुस्तकं दुसरेच लिहितात ना?

हिचं तसं नाही. पहिलं पुस्तक १९७६ चं, मूळ नॉर्वेजियन, पुढच्या वर्षी इंग्लिशमध्ये 'चेंजिंग' नावाने आलं आणि मग बऱ्याच भाषांत गेलं. आत्मचरित्र म्हणून उघडाल तर वैतागाल, कारण तारीखवार काहीच नाही. टोकियो, मग एकदम हॉटेलची खोली, मग लिन आजारी, मग फोरो, मग आजी. पुस्तकात बर्गमन आहे पण तो पुस्तकाचा मालक नाही.

मला त्यात सगळ्यात खरं वाटतं ते आई म्हणून अपराधी वाटण्याबद्दलचं. शूटिंगला गेली की लेकीला सोडल्याचा त्रास, घरी बसून लिहायला घेतलं की मुलीला वाटतं आई तर घरीच आहे मग खेळत का नाही, आणि लिहिणं बाजूला ठेवून तिच्याजवळ गेलं की कागदांचा विचार. फोनवरून दुसऱ्या देशातल्या मुलीशी बोलणं, आणि फोन ठेवल्यावर आपण काय बोललो याचा पुन्हा पुन्हा विचार. हे १९७६ ला लिहिलंय, "वर्किंग मदर" हा विषय मासिकांचा हक्काचा विषय व्हायच्या आधी. आणि बाप कुठे होता असा प्रश्न कोणीच विचारत नव्हतं हेही तिला दिसत होतं.

दुसरं पुस्तक १९८४ चं, इंग्लिशमध्ये 'चॉइसेस'. यात युनिसेफचे दौरे, उपाशी मुलांचे कॅम्प, आणि त्याच्या शेजारी एक प्रेमप्रकरण. खरं सांगायचं तर हे पहिल्याइतकं जमलेलं नाही, दोन पुस्तकं एकमेकांत शिवल्यासारखं वाटतं. तरी कॅम्पांवरची पानं वाचा, तिथे ती स्वतःला हिरॉइन करत नाही.

'ऑटम सोनाटा'बद्दल सगळे एवढं का बोलतात?

कारण त्यात इन्ग्रिड बर्गमन आणि लिव्ह उलमन समोरासमोर आहेत. १९७८ चा सिनेमा, शूटिंग नॉर्वेत झालं कारण इंगमार बर्गमन तेव्हा टॅक्सच्या भानगडीवरून चिडून स्वीडन सोडून गेला होता. इन्ग्रिड ही जगप्रसिद्ध पियानिस्ट आई, लिव्ह तिची मुलगी एव्हा, पाद्रीची बायको, चष्मा, दोन वेण्या वळून डोक्याभोवती.

पियानोचा सीन बघा. मुलगी आईला शोपँ या संगीतकाराचा छोटासा तुकडा वाजवून दाखवते, अडखळत, जीव ओतून. आई म्हणते छान, मग शेजारी बसते आणि तोच तुकडा कसा वाजवायला हवा ते समजावून सांगत स्वतः वाजवते. कॅमेरा दोघींच्या चेहऱ्यावर. आई बोटांकडे आणि सुरांकडे बघतेय, मुलगी आईकडे बघतेय, आधी शिष्यिणीसारखी, मग तिच्या नजरेत जे येतं त्याला मी तरी नाव देऊ शकत नाही. एक शब्द नाही. पुढे रात्रभर दोघींचं जे भांडण होतं ते सगळं या एका नजरेत आधीच आलेलं आहे. आणि याच सिनेमात एव्हाचं लहानपण दाखवायला घेतलेली मुलगी म्हणजे लिन, लिव्हची आणि बर्गमनची खरीखुरी लेक. करियरसाठी मुलीला मागे ठेवणाऱ्या आईची गोष्ट, आणि आदल्याच वर्षी-दोन वर्षांपूर्वी लिव्हचं ते पुस्तक आलेलं. घरात कसं वाटलं असेल देव जाणे.

डिरेक्टर कधी झाली?

स्वतःचा पहिला मोठा सिनेमा 'सोफी', १९९२, डेन्मार्कमधला, कोपनहेगनच्या एका ज्यू घराची गोष्ट. मग 'क्रिस्टिन लाव्रान्सडाटर', नोबेल मिळालेल्या सिग्रिड उनसेटच्या कादंबरीवरून, नॉर्वेत तो बघायला लोकांनी गर्दी केली. पुढचे दोन, 'प्रायव्हेट कन्फेशन्स' आणि 'फेथलेस', बर्गमनच्याच स्क्रिप्टवर. 'फेथलेस' २००० साली फ्रान्समधल्या कान्स फिल्म फेस्टिवलला स्पर्धेत होता. स्वतःच्या जुन्या व्यभिचाराची गोष्ट म्हाताऱ्या बर्गमनने लिहिली आणि डिरेक्ट करायला दिली कोणाला, तर हिला! तिने काय केलं, तर स्क्रिप्टमध्ये जे लहान मूल कोपऱ्यात होतं त्याला पुढे आणलं. मोठ्यांच्या प्रेमाचा हिशोब कोण चुकवतं ते तिच्या सिनेमात दिसतं. पुढच्याच वर्षी, २००१ ला, कान्सच्या ज्युरीची ती अध्यक्ष होती.

२००९ मध्ये सिडनीला केट ब्लँचेटला घेऊन 'अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर' हे नाटक बसवलं, ते पुढे वॉशिंग्टन आणि न्यूयॉर्कलाही गेलं. २०१४ चा 'मिस ज्युली', जेसिका चॅस्टेन आणि कॉलिन फॅरेल, स्ट्रिंडबर्ग या स्वीडिश नाटककाराचं नाटक उचलून आयर्लंडमध्ये नेलेलं. मला तो थोडा जड वाटला, पण स्वयंपाकघरातले सीन बघा.

युनिसेफचं काम म्हणजे नुसते फोटो काढणं होतं का?

नाही. १९८० पासून ती युनिसेफची गुडविल ॲम्बॅसडर, तो मान मिळालेली पहिली बाई. त्याच वर्षी कंबोडियातून पळून आलेल्या लोकांसाठी थायलंडच्या हद्दीवर निघालेल्या मोर्चात ती अमेरिकन गायिका जोन बाएझ वगैरेंबरोबर चालली होती. १९८९ मध्ये निर्वासित बायका आणि मुलांसाठी जी संस्था न्यूयॉर्कमध्ये उभी राहिली, वीमेन्स रेफ्युजी कमिशन, त्यात संस्थापकांपैकी ती एक. मुद्दा साधा होता, की निर्वासितांच्या कॅम्पचं प्लॅनिंग करताना बायकांना कोणी विचारत नाही, संडास कुठे, पाणी कुठे, रात्री तिथपर्यंत जायला उजेड आहे का. युद्धामुळे देशाबाहेर वाढलेली आणि आजोबा छळछावणीत गमावलेली बाई या कामात पडली यात मला तरी नवल वाटत नाही.

तिच्यावर एखादी चांगली डॉक्युमेंटरी आहे का?

आहे, आणि आडनावावरून तुम्ही ओळखाल. 'लिव्ह अँड इंगमार', २०१२, डिरेक्टर धीरज अकोलकर! फोरोच्या त्या घरात बसून लिव्ह स्वतः सगळं सांगते, मध्ये मध्ये पुस्तकातली वाक्यं आणि जुन्या सिनेमांचे तुकडे. प्रसंग तिच्या आयुष्यातला आणि तुकडा सिनेमातला, हे इतकं बेमालूम जोडलंय की सिनेमांकडेच वेगळ्या नजरेने बघायला लागतो आपण. 'शेम'च्या वेळी कडाक्याच्या थंडीत होडीत बसवून ठेवल्याचं ती सांगते तेव्हा हसते, पण हसणं थोडं उशिरा येतं. अकोलकरांनीच २०२३ मध्ये तिच्या एकटीच्या कामावर 'लिव्ह उलमन: अ रोड लेस ट्रॅव्हल्ड' केली. ती आधी बघा असं मी म्हणेन, कारण त्यात बर्गमन हा एक भाग आहे, सगळं नाही.

इंगमार बर्गमन आणि इन्ग्रिड बर्गमन नवरा-बायको की भाऊ-बहीण?

काहीच नाही. आडनाव एक, बस. गोंधळ वाढवायला इंगमारच्या शेवटच्या बायकोचं नावही इन्ग्रिडच होतं.

सुरुवात कुठून करू?

'पर्सोना'ने नको, प्लीज. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'चा पहिला भाग लावा, आवडला तर सहाही होतील. मग 'ऑटम सोनाटा'. सुट्टी असेल तेव्हा 'द एमिग्रंट्स', लांब आहे, सव्वातीन तासांच्या आसपास, घाई करू नका. पुस्तकात 'चेंजिंग', जुन्या पुस्तकांच्या दुकानात मिळून जातं कधीकधी.

घरातलं पुढे कोणी या लाइनमध्ये आहे का?

लिन उलमन नॉर्वेची नावाजलेली कादंबरीकार आहे. म्हाताऱ्या बापाशी शेवटच्या दिवसांत टेपरेकॉर्डर ठेवून मारलेल्या गप्पांवरून तिने २०१५ मध्ये एक कादंबरी लिहिली, इंग्लिशमध्ये 'अनक्वायट', आणि त्यातली आई कोण हे सांगायला नको. आईचं पुस्तक वाचून झालं की लगेच हे वाचा, तोच फोन, तीच हॉटेलं, पण फोनच्या दुसऱ्या टोकाकडून. आणि लिनचा मुलगा हाल्फदान उलमन टॉनडेल याच्या 'आर्मान्ड' या पहिल्याच सिनेमाला २०२४ च्या कान्समध्ये कॅमेरा डी'ओर, म्हणजे पहिल्या सिनेमासाठीचं बक्षीस, मिळालं. बातम्यांचे मथळे आले "बर्गमनचा नातू". आडनाव मात्र आजीचं लावतो.